कात्री, पडदा आणि आपण

१९९५ च्या उन्हाळ्यात आमच्या मोहल्ल्यात एक निवेदन फिरत होते. मणिरत्नम यांच्या 'बॉम्बे' या चित्रपटावर बंदी घालावी, अशी मागणी त्यात होती. मुस्लिम मुलीने हिंदू मुलाशी लग्न केल्याचे दाखवले आहे, बुरख्याची अवहेलना केली आहे, समाजाच्या भावना दुखावल्या आहेत, असा मजकूर होता. आम्ही चार-पाच मित्रांनी त्यावर सह्या केल्या. आमच्यापैकी एकानेही तो चित्रपट पाहिला नव्हता. सह्या गोळा करणाऱ्याने तरी पाहिला होता का, हे आम्ही विचारले नाही.

पुढे काही महिन्यांनी व्हिडिओ कॅसेटवर आम्ही तो पाहिला. त्यात दंगलीच्या गर्दीत दोन जुळी मुले सापडतात. तोंडे बांधलेली माणसे त्यांना विचारतात, तुम्ही हिंदू की मुसलमान? मुलांना उत्तर देता येत नाही. त्यांच्या अंगावर रॉकेल ओतले जाते. आमच्या खोलीत कुणी बोलेना. दोन वर्षांपूर्वी मुंबईत जे झाले होते त्याचा काही भाग कुणीतरी पडद्यावर आणला होता आणि आम्ही तो बंद पाडण्यासाठी सही केली होती.

'बॉम्बे' निर्दोष होता असे आम्हाला म्हणायचे नाही. न्यायमूर्ती श्रीकृष्ण आयोगाच्या अहवालात १९९२-९३ च्या मुंबई दंगलीतील मृतांची संख्या ९०० दिली आहे. त्यात ५७५ मुस्लिम आणि २७५ हिंदू होते. चित्रपटाने मात्र दोन्ही पारडी सारखी धरली. त्यावर लिहिता आले असते, भांडता आले असते. पण आम्ही तसे काही केले नाही. आम्ही कात्री मागितली. आणि त्याच वेळी शिवसेनाप्रमुखही कात्रीच मागत होते! प्रदर्शनापूर्वी चित्रपट त्यांना दाखवण्यात आला आणि त्यांच्या सूचनांची दखल घेतली गेली, हे सर्वांना ठाऊक आहे. त्याच वर्षी जुलैमध्ये मद्रासला मणिरत्नम यांच्या घरावर बॉम्ब फेकला गेला आणि ते जखमी झाले.

ही जुनी कबुली आज देण्याचे कारण असे की, गेल्या काही वर्षांत आपल्या समाजाला खलनायक ठरवणारे चित्रपट एकामागून एक येत आहेत आणि तसलीच निवेदने पुन्हा फिरू लागली आहेत. राग खरा आहे, त्यामागची भीतीही खरी आहे. पण सही करण्यापूर्वी पडद्यावरची हिंसा आणि तिच्यावर चालणारी कात्री यांचा इतिहास एकदा पाहिला पाहिजे. त्या इतिहासात आपण केवळ बळी नाही. कधी आपण फिर्यादी होतो, कधी न्यायाधीश होतो आणि कधी कात्री चालवा म्हणून ओरडणारेही होतो.

जमातीच्या हिशेबाने

हिंदुस्थानात चित्रपटांच्या तपासणीचा पहिला कायदा १९१८ चा. १९२० मध्ये मुंबई, कलकत्ता, मद्रास आणि रंगून इथे तपासणी मंडळे स्थापन झाली. पोलीस आयुक्त मंडळाचा अध्यक्ष आणि निरनिराळ्या जमातींतील प्रतिष्ठित मंडळी सदस्य, अशी साधारण रचना होती. म्हणजे प्रेक्षक हा स्वतंत्र माणूस नसून एखाद्या जमातीचा घटक आहे आणि ती जमात केव्हाही भडकू शकते, हे इंग्रज सरकारने आरंभीच गृहीत धरले. त्या सरकारला खरी भीती वाटत होती ती स्वराज्याची. १९२१ च्या 'भक्त विदुर' मूकपटातील विदुर गांधीटोपीत दिसला म्हणून मद्रास आणि कराचीत त्यावर बंदी आली. १९३० मध्ये प्रभातच्या 'स्वराज्याचे तोरण'ला शीर्षक बदलून 'उदयकाल' व्हावे लागले. १९३५ मध्ये संत एकनाथांवरील 'महात्मा' हा 'धर्मात्मा' झाला. जमातींच्या भावना हे तपासणीचे एक कारण होते आणि बहुतेक वेळा सोयीचे निमित्तही होते.

पण ते निमित्त आपल्या हातांनीही वापरले गेले. १९२४ मध्ये धीरेन गांगुली यांनी हैदराबादेत 'रझिया बेगम' दाखवला. मुस्लिम राणी आणि हिंदू पुरुष यांच्या प्रेमाची कथा त्यात होती. निजामांनी गांगुलींना संस्थान सोडायला लावले. त्या वेळी मराठवाडाही त्याच संस्थानात होता. 'रझिया बेगम' आणि 'बॉम्बे' यांच्यात ७१ वर्षांचे अंतर आहे, पण आक्षेप एकच. आपली मुलगी आणि त्यांचा मुलगा! आज 'लव्ह जिहाद'चा ओरडा करणारे हाच आक्षेप उलट्या बाजूने घेतात, तेव्हा आपल्याला तो रानटी वाटतो. तो रानटी आहेच. पण तो आपल्याही घरात राहून गेला आहे.

१९२७-२८ मध्ये दिवाणबहादूर रंगाचारियार यांच्या अध्यक्षतेखाली सरकारने चित्रपट समिती नेमली. पुण्याचे सर इब्राहिम हरून जाफर तिचे सदस्य होते. म्हणजे सिनेमा म्हणजे केवळ नाचगाणे, त्याच्याशी आपला संबंध काय, असे म्हणणारे घरोघरी असले, तरी सार्वजनिक जीवनातला मुसलमान या प्रश्नापासून कधीच लांब नव्हता.

त्या काळात दोन समाजांतली हिंसा पडद्यावर थेट दाखवली जात नसे. १९४१ मध्ये पुण्याच्या प्रभातने व्ही. शांताराम यांच्या दिग्दर्शनाखाली 'शेजारी' काढला. हिंदीत त्याचे नाव 'पडोसी'. जिवलग असलेल्या एका हिंदू आणि एका मुस्लिम शेजाऱ्यात धरणाच्या ठेकेदाराने वितुष्ट आणले, अशी ती गोष्ट. हिंदी आवृत्तीत हिंदू ठाकूर झाले होते मजहर खान आणि मिर्झा झाले होते गजानन जहागीरदार. शेवटी धरण फुटते आणि दोघे मित्र एकमेकांच्या सोबतीने मरतात. दंगल सांगायची होती, पण दाखवले धरण. लोकांना ते समजले. १९६१ मध्ये 'धर्मपुत्र'ने फाळणीची दंगल पडद्यावर आणली तेव्हा चित्रपटगृहांत तणाव झाला आणि पुढे बराच काळ निर्माते त्या विषयाच्या वाटेला गेले नाहीत. त्याच वर्षीच्या 'गंगा जमुना'वर बोर्डाने इतके आक्षेप घेतले की, दिलीपकुमार यांना थेट पंतप्रधान नेहरूंकडे जावे लागले.

अब्बास यांचा प्रश्न

याच पार्श्वभूमीवर ख्वाजा अहमद अब्बास यांचा खटला उभा राहिला. पानिपतचा जन्म, मौलाना हालींचे पणतू, मुंबईचे पत्रकार, इप्टाचे कार्यकर्ते, बंगालच्या दुष्काळावरील 'धरती के लाल'चे दिग्दर्शक. आपल्या लोकांना त्यांची ओळख राज कपूरच्या चित्रपटांचे लेखक म्हणून जास्त आहे. महात्मा गांधींना सिनेमा हे एक व्यसन वाटत असे. १९३९ मध्ये अब्बास यांनी त्यांना जाहीर पत्र लिहून सिनेमाची बाजू मांडली होती. तेव्हा त्यांचे वय अवघे पंचवीस होते.

१९६८ मध्ये त्यांनी 'चार शहर एक कहानी' नावाचा १६ मिनिटांचा माहितीपट केला. मुंबई, दिल्ली, कलकत्ता आणि मद्रास या शहरांतली श्रीमंती आणि त्याच शहरांतली गरिबी त्यात शेजारी शेजारी ठेवली होती. त्यात मुंबईच्या वेश्यावस्तीची काही दृश्ये होती. बोर्डाने सांगितले, हा प्रौढांसाठीच योग्य आहे. अब्बास सरकारकडे अपिलात गेले. सरकार म्हणाले, वेश्यावस्तीची दृश्ये कापा, मग सर्वांसाठीचे प्रमाणपत्र देऊ. अब्बास सर्वोच्च न्यायालयात गेले. तिथे सुनावणी सुरू होताच सरकारने माघार घेतली आणि एकही दृश्य न कापता प्रमाणपत्र देण्याची तयारी दाखवली.

दुसरा कुणी असता तर प्रमाणपत्र घेऊन घरी गेला असता. अब्बास गेले नाहीत. त्यांनी अर्ज दुरुस्त करून मूळ मुद्द्यालाच हात घातला. पुस्तकाला छापण्याआधी परवानगी लागत नाही, वर्तमानपत्राला लागत नाही, मग चित्रपटालाच का लागावी? आणि समजा लागत असेल, तर कात्री कोणत्या नियमाने चालते ते सांगा. साहेबाची मर्जी हा काही नियम होऊ शकत नाही.

२४ सप्टेंबर १९७० रोजी निकाल लागला. घटनापीठाचे प्रमुख होते सरन्यायाधीश मोहम्मद हिदायतुल्ला, ज्यांची वकिली आणि न्यायाधीशपदाची पहिली वर्षे नागपुरात गेली. फिर्यादी मुसलमान, सरन्यायाधीश मुसलमान आणि संपूर्ण खटल्यात मुसलमानीचा एक शब्दही नाही. याच वर्षी मार्चमध्ये हमीद दलवाई यांनी पुण्यात मुस्लिम सत्यशोधक मंडळ स्थापन केले होते. धर्माच्या बाजूला उभे राहूनही मुसलमान देशाच्या मूलभूत प्रश्नांवर बोलू शकतो, हे त्या एका वर्षाने दोनदा दाखवून दिले.

मुख्य मुद्द्यावर अब्बास हरले. चित्रपट माणसाच्या भावना इतर कोणत्याही कलेपेक्षा अधिक ढवळून काढतो, म्हणून त्याची आधी तपासणी करणे घटनेला धरून आहे, असे न्यायालयाने ठरवले. पण हिदायतुल्लांनी निकालात आणखीही काही लिहिले. सगळ्यांत दुबळ्या आणि सगळ्यांत बिघडलेल्या माणसाला जपण्यासाठी निरोगी मनाच्या माणसाने काय पाहावे हे ठरवता येणार नाही. एखादे दृश्य किळसवाणे आहे एवढे पुरेसे नाही, ते कशासाठी आणि कसे आले आहे हे पाहिले पाहिजे. सरकारी अधिकाऱ्यांच्या वर एक स्वतंत्र अपील न्यायाधिकरण हवे, या मागणीलाही त्या खटल्यात बळ मिळाले. ते न्यायाधिकरण १९८३ मध्ये प्रत्यक्षात आले. त्याच वर्षी बोर्डाच्या नावातला 'सेन्सॉर' जाऊन 'प्रमाणन' आले. लोकांच्या तोंडी मात्र सेन्सॉरच राहिला.

अब्बास यांचा दुसरा प्रश्न, कात्री कोणत्या नियमाने चालते हा, आजही पूर्ण सुटलेला नाही. आमच्या मते आपल्या समाजासाठी तोच सर्वांत महत्त्वाचा प्रश्न आहे. कारण नियम नसला की कात्री बलवानाच्या मर्जीने चालते. आणि मर्जीच्या बाजारात अल्पसंख्याकाची पत किती असते, हे आपण जाणतो.

अहमदचा मृत्यू

पडद्यावरच्या हिंसेचा विचार करताना आम्हाला एक घोडा आठवतो. १५ ऑगस्ट १९७५ रोजी, आणीबाणी जाहीर झाल्यावर दोन महिन्यांच्या आत, 'शोले' प्रदर्शित झाला. रामगढच्या आंधळ्या इमामसाहेबांचा मुलगा अहमद नोकरीसाठी गावाबाहेर निघतो आणि गब्बरच्या हाती सापडतो. ती भूमिका आपल्या सचिन पिळगावकर यांची. त्याला मारण्याचे दृश्य चित्रित झाले होते, पण सेन्सॉरने ते कापायला लावले. ठाकूर खिळे लावलेल्या बुटांनी गब्बरला ठार मारतो, हा मूळ शेवटही बदलावा लागला. माणसाने कायदा हातात घेतलेला त्या वेळच्या सरकारला चालत नव्हता. रमेश सिप्पींनी वाद घातला आणि अखेर पोलीस वेळेवर येतात असा शेवट पुन्हा चित्रित केला. मूळ शेवट असलेला 'शोले' जून २०२५ मध्ये इटलीतील बोलोन्या इथल्या महोत्सवात दाखवला गेला. म्हणजे त्याला पडद्यावर यायला ५० वर्षे लागली.

आता गंमत अशी की, अहमदचा खून आपण पाहिलाच नाही. गब्बर हातावरची मुंगी मारतो आणि मग घोडा अहमदचे प्रेत घेऊन गावात येतो. आंधळा बाप चाचपडत पुढे येतो. सगळे गाव गप्प. त्या शांततेने जितके लोक रडले तितके कोणत्याही रक्ताने रडले नसते. आणि रडणारे बहुतेक हिंदू होते. इमामाचे दुःख सगळ्या गावाचे झाले. सलीम-जावेद यांनी ते लिहिले होते तसेच, पण सेन्सॉरच्या कात्रीने नकळत त्याची धार वाढवली, हेही प्रामाणिकपणे मान्य केले पाहिजे. हिंसा दाखवण्याने परिणाम होतो आणि न दाखवण्यानेही होतो. किती रक्त सांडले यापेक्षा मेलेल्या माणसासाठी प्रेक्षकाने काय वाटून घ्यावे, हा खरा प्रश्न असतो.

त्याच्या एक-दोन वर्षे आधीचा 'गर्म हवा' घ्या. इस्मत चुगताई यांची कथा, कैफी आझमी आणि शमा झैदी यांची पटकथा, एम. एस. सथ्यू यांचे दिग्दर्शन. आग्र्याचे सलीम मिर्झा पाकिस्तानात जायला नकार देतात आणि त्यांचे सगळे हळूहळू हातचे जाते. कारखाना, हवेली, मुलगी. दंगलीचे भडक चित्रण त्यात नाही. तरी धार्मिक तेढ वाढेल या भीतीने प्रमाणपत्र कित्येक महिने अडकले आणि चित्रपट १९७४ मध्ये लोकांसमोर आला. ज्यात कुणी कुणाला भोसकत नाही तो चित्रपट स्फोटक ठरला! यावरून सेन्सॉरला हिंसेची भीती नव्हती, हे उघड आहे. भीती होती ती आठवणीची.

धीट माणसाची कसोटी

१९८८ च्या जानेवारीत दूरदर्शनवर गोविंद निहलानी यांची 'तमस' मालिका सुरू झाली. भीष्म साहनींच्या कादंबरीवरील ही मालिका फाळणीपूर्वीच्या दंगलीची होती. नथूकडून फसवून डुक्कर मारून घेतले जाते आणि मशिदीच्या पायरीवर टाकले जाते, तिथून आग पेटते. हिंदुत्ववादी संघटना संतापल्या, कारण दंगल पेटवणाऱ्यांत त्यांनी आपला चेहरा ओळखला. पण मुंबई उच्च न्यायालयात ज्या अर्जावर मालिकेला स्थगिती मिळाली, तो अर्ज मुंबईच्या एका मुस्लिम नागरिकाचा होता. इथेही आपण दोघे एकत्र!

न्यायमूर्ती बख्तावर लेंटिन आणि सुजाता मनोहर यांनी संपूर्ण मालिका स्वतः पाहिली आणि स्थगिती उठवली. अशिक्षित माणसाला अक्कल नसते असे समजू नका, दंगलीमागचा हात पडद्यावर दाखवला तर त्यालाही तो ओळखता येतो, असा त्यांच्या म्हणण्याचा आशय होता. फेब्रुवारीत सर्वोच्च न्यायालयाने तेच कायम केले. तसे करताना न्यायालयाने न्यायमूर्ती व्हिव्हियन बोस यांची १९४६ ची, नागपूर उच्च न्यायालयातील जुनी कसोटी पुढे ठेवली. शब्दांचा परिणाम मोजायचा तो समंजस, खंबीर आणि धीट माणसाच्या मापाने. जो प्रत्येक विरोधी मतात धोका हुंगतो त्याच्या मापाने नव्हे. पुढच्या वर्षी, १९८९ मध्ये, एका तमिळ चित्रपटाच्या खटल्यात सर्वोच्च न्यायालय आणखी पुढे गेले. मोर्चा निघेल, दंगा होईल, अशा धमकीपुढे सरकारने अभिव्यक्तीचा बळी देता येणार नाही, असे त्याने सांगितले.

कागदावर हे सर्व सुंदर आहे. ६ डिसेंबर १९९१ रोजी सरकारने चित्रपट तपासणीची मार्गदर्शक तत्त्वे काढली. चित्रपट तुकड्यातुकड्याने नव्हे तर संपूर्ण पाहून पारखावा, धार्मिक समूहांची निंदा करणारी दृश्ये येऊ देऊ नयेत, असे त्यांत लिहिले. त्यानंतर बरोबर एक वर्षाने बाबरी मशीद पाडली गेली आणि कागदावरचे धीटपण रस्त्यावर टिकले नाही. १९९८ मध्ये 'फायर'च्या बाजूने सर्वोच्च न्यायालयात गेलेल्या दिलीपकुमार यांच्या घरासमोर शिवसैनिकांनी अर्धनग्न निदर्शने केली. २००४ मध्ये गुजरातच्या दंगलीवरील राकेश शर्मा यांच्या 'फायनल सोल्युशन' या माहितीपटाला बोर्डाने आधी प्रमाणपत्र नाकारले आणि देशभर ओरड झाल्यावर दिले. २००७ मध्ये त्याच दंगलीत मुलगा हरवलेल्या पारशी कुटुंबाचा 'परझानिया' गुजरातेत लागला नाही. बंदी नव्हती, प्रमाणपत्र होते. चित्रपटगृहवाल्यांना फक्त तो लावायची हिंमत झाली नाही. १९९३ च्या बॉम्बस्फोटांवरील 'ब्लॅक फ्रायडे' आरोपींच्या अर्जावर अडला. विशेष न्यायालयाचा निकाल लागेपर्यंत थांबून तो फेब्रुवारी २००७ मध्ये आला.

इथे आपण थांबून हिशेब केला पाहिजे. 'भावना दुखावल्या' हे हत्यार आपण 'बॉम्बे'वर चालवले. तेच दुसऱ्यांच्या हातात गेले तेव्हा आपल्याच मृतांच्या कथा कापल्या गेल्या. अगदी अलीकडे, मार्च २०२५ मध्ये 'एम्पुरान' या मल्याळम चित्रपटात गुजरातच्या दंगलीची दृश्ये होती. बोर्डाचे प्रमाणपत्र मिळून चित्रपट प्रदर्शित झाला होता. विरोधाची लाट उठताच निर्मात्यांनी स्वतःच २४ ठिकाणी कात्री लावली आणि खलनायकाचे नावही बदलले. सेन्सॉरला काही करावेच लागले नाही. आता कात्री निर्मात्याच्या मनातच बसवलेली आहे.

रक्ताची सवय

दरम्यान प्रेक्षक बदलला. १९७५ मध्ये एका बुटाचे खिळे सरकारला सहन झाले नाहीत. डिसेंबर २०२३ मध्ये 'अॅनिमल' आला आणि त्यात नायक माणसांची खांडोळी करतो. प्रौढांसाठीचे प्रमाणपत्र घेऊन तो वर्षातल्या सर्वांत यशस्वी चित्रपटांत गेला. त्यातला खलनायक मुसलमान आहे, हेही इथे नोंदवले पाहिजे. त्याच वर्षी कायदा बदलून मुलांसाठी ७, १३ आणि १६ वर्षे अशा वयाच्या पायऱ्या आल्या. ही सुधारणा चांगली आहे. पण वय मोजता येते, रक्त मोजता येते, द्वेष कशाने मोजायचा?

२०२२ मध्ये 'द काश्मीर फाइल्स' आला. काश्मिरी पंडितांवर झालेला अत्याचार खरा आहे आणि तो नाकारणारा मुसलमान स्वतःच्याच इमानाशी खोटे बोलतो. त्यांनाही त्यांचा 'गर्म हवा' मिळायला हवा होता. पण कितीतरी चित्रपटगृहांत शेवटी घोषणा झाल्या त्या मुसलमानांविरुद्ध. 'शोले'त अहमदचे मरण न दाखवता सगळे गाव एक झाले होते. इथे प्रत्येक मरण पूर्ण दाखवले गेले आणि प्रेक्षागृह दुभंगले. हिंसा किती आहे याला महत्त्व राहिले नाही. ती कुणाकडे बोट दाखवते, यावर सारे ठरू लागले.

मग अशा चित्रपटांचे करायचे काय? कात्री नको म्हणणे सोपे आहे. ज्याच्या वस्तीवरून मोर्चा जातो त्याला ते सोपे नाही, हे आम्हाला कळते. पण २०२३ चे उदाहरण पाहा. 'द केरला स्टोरी'च्या जाहिरातीत ३२ हजार मुलींच्या धर्मांतराचा दावा होता. पश्चिम बंगाल सरकारने चित्रपटावर बंदी घातली. सर्वोच्च न्यायालयाने मे महिन्यात ती बंदी स्थगित केली, पण त्याच वेळी ३२ हजार या आकड्याला कोणताही अधिकृत आधार नाही, अशी सूचना चित्रपटातच द्यायला लावली. त्याआधी केरळ उच्च न्यायालयात निर्मात्यांनी ती जाहिरात मागे घेण्याचे कबूल केले होते. बंदीने चित्रपटाला हुतात्मा केले असते. आकड्याबद्दलच्या प्रश्नाने त्याला उत्तर द्यायला भाग पाडले. दुखावलेली भावना सिद्ध करता येत नाही, खोटा आकडा मात्र उघडा पाडता येतो. २०२४ मध्ये 'हमारे बारह'चा वाद मुंबई उच्च न्यायालयात गेला तेव्हाही काही आक्षेपार्ह संवाद निर्मात्यांनी काढले आणि न्यायमूर्तींनी स्वतः पाहून चित्रपट मोकळा केला.

एक चिंता मात्र मोठी आहे. १९८३ मध्ये आलेले अपील न्यायाधिकरण एप्रिल २०२१ मध्ये बरखास्त झाले. आता बोर्डाशी मतभेद झाला की निर्मात्याने थेट उच्च न्यायालयात जायचे. मोठ्या निर्मात्याला ते परवडते. १६ मिनिटांचा माहितीपट करणाऱ्याला ते परवडेल का? 'चार शहर एक कहानी' आज कुणी केला असता तर तो कदाचित वेश्यावस्तीची दृश्ये कापून मोकळा झाला असता. निवेदनेच द्यायची असतील तर हे न्यायाधिकरण परत आणा, यासाठी दिली पाहिजेत. त्यात आपलाही लाभ आहे आणि आपल्याशी न पटणाऱ्याचाही.

आणि दुसरे काम कॅमेऱ्याचे. २००० च्या सुमारास मालेगावच्या नासिर शेख यांनी गावातल्याच लोकांना घेऊन, जुजबी पैशांत 'मालेगाव के शोले' केला. दंगलींनी पोळलेले यंत्रमागांचे गाव स्वतःच्याच शोलेवर पोट धरून हसले. त्या गावाची दुसरी ओळख त्यामुळे देशाला झाली. पुढे त्यांच्यावर माहितीपट निघाला आणि २०२५ मध्ये 'सुपरबॉइज ऑफ मालेगाव' हा मोठा चित्रपट प्रदर्शित झाला. ज्याच्या हाती कॅमेरा असतो त्याला कात्रीची फारशी गरज वाटत नाही.

मागच्या वर्षी आमच्याकडे पुन्हा एक तरुण निवेदन घेऊन आला. एका नव्या चित्रपटावर बंदी हवी होती. आम्ही त्याला तीन प्रश्न विचारले. तू चित्रपट पाहिलास का? त्यात नेमके खोटे काय आहे ते दोन ओळींत लिहून देशील का? आणि हाच नियम उद्या आपल्या बाजूच्या चित्रपटाला लावला तर तुला चालेल का? पहिल्याच प्रश्नाला तो गप्प झाला. त्याला दोष कसा देणार? १९९५ मध्ये आम्हाला कुणी हे विचारले असते तर आम्हीही गप्पच झालो असतो. आम्ही त्याला म्हटले, बस बेटा, चहा घे. रविवारी बरोबर जाऊन पाहू. मग लिहायचे ते लिहू, आणि सही आमची पहिली असेल.